वळून बघणारी बाई

सरजाबाईनं पहिल्या भेटीत ज्ञानोबाच्या दिशेनं भिरकावलेला खडा लागला असता, तर सरकारी प्रसिद्धी खात्याचा गावोगाव सिनेमा दाखवणारा एक ऑपरेटर कमी झाला असता आणि पुढचं सगळंच टळलं असतं. बहात्तरचा दुष्काळ. औशाजवळ रस्त्याच्या कामावर ती खडी फोडत होती. मुंबईहून आलेल्या कॅमेऱ्यावर छत्री धरून उभा असलेला हा चाळिशीचा घोडनवरा मागून ओरडला, "ओ बाई, जरा वळून बघा की!" ती वळली ती खडा घेऊनच. ज्ञानोबा जीपखाली शिरला तो आठ दिवस बाहेरच आला नाही, असं ड्रायव्हर नरसिंग सांगायचा. नवव्या दिवशी बाहेर येऊन त्यानं तिला मागणी घातली असणार, कारण उन्हाळ्यात लग्न झालं.

तिचं ते वळणं सरकारी फिल्मवर आलं. दहा वर्षं ज्ञानोबानं ती गावोगाव दाखवली, आणि दर वेळी लोकांना बजावलं, "आता खडा येतोय, वाका!"

ब्याऐंशीत लातूर जिल्हा झाला. तरी सगळेच सवयीनं पत्रावर 'जिल्हा उस्मानाबाद' लिहीत, कामासाठी तिकडची एसटी धरत. ज्ञानोबाही धरायचा. लोक हसायचे, सरजाबाईही हसायची. दोन वर्षांनी बाकीच्यांचं चुकणं थांबलं, त्याचं नाही. मग तो स्वतःची गल्लीही चुकू लागला. सरजाबाई रोज सकाळी विचारायची, "मी कोण?"

"कोण म्हंजी? खडेवाली!"

तेवढ्यावर तिचा दिवस निघायचा.

एकदा औशाच्या बाजारतळावर खेळ होता. ज्ञानोबानं फिल्म कापून आपल्या मनानं जोडून आणली होती. पडद्यावर बाई वळायला लागली. तोंड दिसणार तेवढ्यात तिच्या जागी मंत्री आले आणि नव्या जिल्ह्याच्या उद्घाटनाची फीत कापू लागले. पुन्हा बाई वळायला लागली, तर रिकामा रस्ता. पुन्हा बाई. मग नुसता पांढरा उजेड. लोकांनी शिट्ट्या मारल्या.

"काका, रीळ गुतलं का काय?" नरसिंगनं विचारलं.

"न्हाई रे. रोज असंच दिसायलंय. ती वळती, अन् तोंड येतच न्हाई."

पुढं बसलेल्या सरजाबाईनं ते ऐकलं. इतके दिवस याच्या डोक्यात काय चाललंय ते तिनं आत्ताच पाहिलं होतं. ती उठली, पडद्यासमोरच्या उजेडात उभी राहिली, पदर मागं सारला.

"अवं, मी हाय. हे बघा तोंड."

ज्ञानोबानं कपाळावर आडवा हात धरून पाहिलं.

"ओ बाई, जरा बाजूला सरका की. आमची मालकीण दिसंना."

खात्यानं त्याला घरी बसवलं. रीळ भंगारात गेलं. ज्ञानोबा त्यानंतर नऊ वर्षं जगला आणि सरजाबाईला 'ओ बाई' म्हणत राहिला.