पावाला अर्ध्याने भागताना

नाना, म्हणजे माझे वडील, सगळं आण्यांत मोजतात. पीक आठ आणे, झोप बारा आणे, जावई चौदा आणे! सोळा आणे म्हणजे पूर्ण. म्हणून अंगातलं पाणी उतरवायची त्यांची पाव गोळी घरात 'चार आणे' झाली होती. रोज सकाळी माझा धाकटा भाऊ ती सुरीने कापून त्यांच्या हातावर ठेवायचा.

उन्हाळ्यात मी जळगावहून नरडाण्याजवळच्या आमच्या गावी गेले, तर नाना ओट्यावर बसून धापा टाकत होते. पाय टम्म सुजलेले. बोटाने दाबलं तर खड्डा तसाच राहिला.

"गोळी देतोस ना रे?"

"रोज देस, आक्का. पन ती मेडिकलवर भेटनी नही. हाई दिन्ही. हिनामा निम्मी ताकद शे." त्याने नव्या गोळीचं पाकीट दाखवलं. "म्हनीसन मी निम्मी करी. चार आनानी दोन आना."

माझं डोकंच फिरलं. "अरे शहाण्या, ताकद घटली तर गोळी वाढवायची की कापायची?"

डॉक्टरांना फोन लावला. ते म्हणाले, "घरी काही वाढवून देऊ नका. ताबडतोब घेऊन या."

शेजाऱ्याची गाडी काढली, धुळ्याकडे निघालो. मागे आम्ही दोघं, मध्ये नाना. त्यांचा एकेक श्वास घरघरत ऐकू येत होता. मला गप्प बसवेना. "पावाला अर्ध्याने भागायचं होतं. तू गुणून बसलास!"

"भागीसन वाढस कसं?" त्याने विचारलं. ओठ पांढरेफटक पडले होते त्याचे.

एक थोबाडीत द्यावीशी वाटली. पण नानांनी ऐकू नये म्हणून आवाज खाली आणला. "जुनी गोळी म्हणजे मोठी भाकर. नवी म्हणजे तिच्या निम्मी, लहान. नानांना मोठीतली चतकोर हवी. तेवढीच लहानीतून द्यायची तर किती मोडशील?"

त्याने तळहातावर बोट फिरवलं. "अर्धी."

"मग? तू दिलीस अष्टमांश."

पुढचं मी बोलले नाही. निम्म्या ताकदीचे दोन आणे म्हणजे नानांच्या पोटात एकच आणा औषध जात होतं. पण त्याचं बोट तळहातावर फिरतच होतं. तो गुणाकार त्याने स्वतःच केला, आणि ढसाढसा रडायला लागला. नानांना बोलायची ताकद नव्हती. त्यांनी नुसता त्याचा गुडघा धरून ठेवला, दवाखाना येईपर्यंत.

नाना बरे होऊन घरी आले. भाऊ सुरीला हात लावेना, म्हणाला, आता दुसरं कोणी तरी द्या. पण नाना दुसऱ्या कोणाच्या हातची गोळी घ्यायलाच तयार नाहीत. आता रोज सकाळी त्याचा फोन येतो. "अर्धीच ना, आक्का?" मी हो म्हणायच्या आत नाना गोळी गिळून मोकळे झालेले असतात.