डावा दिवा, उजवं वळण

इंडोनेशियातल्या आमच्या सालातिगा गावात शेजारणीच्या नावाआधी आदराने ‘बू’ लावतात. बू रुम्याती चोपन्न वर्षांची. विधवा. रोज सकाळी गल्लीतली चार मुलं स्कूटरवरून, दोन खेपांत, शाळेत पोचवायची. घर त्यावरच चालायचं.

जूनमध्ये तिने डावा दिवा लावला आणि वळली उजवीकडे. मागच्या गाडीवरच्या पोराने ते मोबाइलवर टिपलं. दोन दिवसांत लाखो लोक हसले. ‘आल्या रस्त्याच्या महाराणी, पळा!’ स्कूटरवाल्या बायकांवर आमच्याकडे रोजच विनोद होतात. या वेळी चेहरा ओळखीचा होता. शेजारच्या देवीने तो व्हिडिओ गल्लीच्या ग्रुपवर टाकला आणि स्वतःच्या मुलीला पाठवणं बंद केलं. बाकीच्या तीन मुलांच्या घरच्यांनीही तेच केलं.

व्हिडिओ काढणारा स्वतः एका हाताने गाडी चालवत होता. ते मात्र कोणाला दिसलं नाही.

मी म्हटलं, “बू, तसं लिहा ना खाली!”

“कशाला? चूक माझीच होती. आणि माझ्याकडे लायसन्सही नाही. आता काढते.”

मी पतपेढीत लेखापाल, निवृत्तीला आठ महिने उरलेले. टेप घेऊन बाजारामागच्या मैदानात परीक्षेसारखी नागमोडी वाट आखून दिली. खुणांना करवंट्या. दुपारी पोरं जमायची, मोबाइल वर करून.

“काकू, डावीकडे वळायचंय की चंद्रावर?”

“आधी तुझी चड्डी वर घे, मग चंद्र बघ!”

पहिल्या परीक्षेत तिचा पाय टेकला. नापास. त्याच दुपारी ती पुन्हा मैदानात हजर होती. आखलेल्या रेषा पुसट झाल्या, मी दोनदा नव्याने काढल्या. दुसऱ्या परीक्षेत एकही खूण हलली नाही.

लायसन्सचा फोटो तिने ग्रुपवर टाकला. खाली तिने एक शब्द लिहिला नाही.

संध्याकाळी देवी दारात आली. “बू, रागावलात का? तो व्हिडिओ मी आपला गंमत म्हणून... उद्यापासून हिला न्याल का?”

बू भाजी चिरत होती. मान वर केली नाही.

“सव्वासहाला दारात उभी ठेव. हेल्मेट घालून. एक मिनिट उशीर झाला तर मी निघाले.”

सकाळी सहा वाजून दहा मिनिटांनी मुलगी फाटकात उभी होती. बू सव्वासहाला उजवीकडे वळून आली, उजवा दिवा लावून.