जाळं कापणारा म्हातारा

दहा वर्षं मी छोट्या फिल्म लिहितेय, पण आई-मुलीच्या भांडणानंतरचा एक सीन काही केल्या जमत नव्हता. वही घेऊन मिठबावच्या किनाऱ्यावर बसले. शेजारी एक म्हातारा पायाच्या अंगठ्यात जाळं ताणून दुरुस्त करत होता. सुई दातांत धरून त्याने आधी सुरीने भोक चांगलं वीतभर वाढवलं.

"अहो, फाडताय कशाला?" मला राहवलं नाही.

"फाटलल्या काठाक गाठ रवना नाय गो. आदी बऱ्या सुतापर्यंत कापूचा लागता."

मी सीनमधल्या आईची चार पानी माफी खोडली. आता ती फक्त आपल्या ताटातली माशाची तुकडी मुलीच्या ताटात ठेवते.

म्हाताऱ्याने विणून झालेलं जाळं उन्हात धरलं. भोक कुठे होतं, ते मला सापडेना.