गोट्याला ऊन लागलं त्या दिवशी

यजमान गेल्यापासून मी दत्त महाराजांशी अबोला धरला होता. दिवा लावायचे, पण मनातून नाही. इतकी वर्षं सेवा केली, त्याचं हेच फळ का, असा राग होता. यजमानांमागे मला सोबत उरली ती त्यांच्या लाडक्या गोट्याची. गोट्या म्हणजे आमचा पग, चपट्या नाकाचा, दिवसाही घोरणारा. त्याला घेऊन मी नागपूरहून कन्नड मुलखात, बेळ्ळंदूरला मुलाकडे राहायला आले. इथला उन्हाळा पाहून मला हसूच यायचं. अहो, नागपूरच्या माणसाला ऊन काय सांगता! सून म्हणायची, "आई, गोट्याला सकाळीच फिरवून आणत जा हो." मी मनावर घेतलं नाही. नागपूरला तो दिवसभर कूलरपुढे लोळायचा, हे मात्र सोयीस्कर विसरले.

एका दुपारी भाजी आणायला त्यालाही सोबत नेलं. परतताना तो जोरजोरात धापा टाकू लागला, जीभ जांभळी पडली आणि सोसायटीच्या फाटकाशी त्याने अंगच टाकलं. मुलगा-सून ऑफिसात. इथे गुरांच्या नव्हे, खास कुत्र्या-मांजरांच्या एक डॉक्टरीणबाई आहेत, त्यांना फोन लावला. "पोट, काखा, पंजे साध्या पाण्याने भिजवत राहा, बर्फ नको, वारा घाला आणि तसंच घेऊन या," त्या म्हणाल्या. वॉचमनकडून पाण्याच्या बाटल्या घेतल्या, गोट्याला भिजवलं आणि ऑटोत बसले.

रिंगरोडला ऑटो अडकली ती हलेचना. बाटल्या संपल्या. ऑटोवाला बिचारा आपली बाटली गोट्याच्या तोंडाला लावू लागला. शुद्ध नसलेल्याच्या घशात पाणी ओतायचं नसतं. मी बाटली हिसकावली, गोट्याच्या पोटावर रिकामी केली आणि पदराने वारा घालत राहिले. मग गोट्याचे डोळे फिरले. तेव्हा कित्येक महिन्यांनी तोंडून निघालं, "दत्ता रे, हात आहेत तोवर मी सोडत नाही याला. पुढचं तू बघ बाप्पा."

मान वर केली तर शेजारीच पाण्याचा टँकर. गोट्याला कडेवर घेतलं, खाली उतरले आणि टँकरचं दार बडवलं. कन्नड येत नाही. "नीरु, अण्णा, नीरु!" एवढंच जमलं. ड्रायव्हरने गोट्याकडे पाहिलं, "सरी अम्मा," म्हणत उडी मारली आणि मागचा नळ सोडला. इथे उन्हाळ्यात बादलीभर पाण्यावरून भांडणं होतात, आणि हा माणूस रस्त्यावर धार सोडून उभा! मागे हॉर्नचा नुसता गोंगाट. तो हलला नाही. बऱ्याच वेळाने गोट्याचा पाय हलला. गाड्या सुटल्या तसा टँकरही निघून गेला. नाव विचारायचंही राहिलं.

दवाखान्यात सलाईन लावलं. "वाटेत भिजवलंत म्हणून इथवर आला. पण खाऊ लागेपर्यंत खात्री देत नाही," बाई म्हणाल्या. घरी आणला, तर गोट्या कशाला तोंड लावेना. टँकर महाराजांनीच धाडला म्हटलं, तर मुलगा म्हणाला, "आई, त्या रस्त्याला टँकर रोजच असतात." असतील. मी वाद घातला नाही. मला उमगलं ते एवढंच, की भार देवावर टाकायचा म्हणजे हात बांधून बसायचं नाही. हात चालवायचे, हट्ट तेवढा सोडायचा. गोट्या राहिला तरी तुझा, गेला तरी तुझा, असं म्हणून गुरुवारी महाराजांपुढे दहीभात ठेवला आणि डोळे मिटले.

उघडले तर वाटीत गोट्याचं तोंड, नाकभर दही.

"आई, नैवेद्य!" सून ओरडली.

"खाऊ दे गं," म्हटलं, आणि मला रडू आवरेना. "पोचला."