बिरोबाचा निरोप राहिला

माझा धाकटा भाऊ गोरक्ष पिच्चर काढायचा. मेंढरं राखणाऱ्या यमाजीचं पोरगं आन् पिच्चर? मानसं हसायची. हसू द्या. ब्याण्णव सालापास्नं मंचरला लग्नांची शूटिंग करून हात बसला, मग पुण्यात दुसऱ्यांच्या पिच्चरात राबला, आन् शेवटी अवसरीतच भावकीला घेऊन स्वतःचा एक काढला. त्यात आईला चुलीपुढं बसवून तीच भाकर कितीदा थापायला लावली, इचारू नका.

मग त्याला इतिहासाचं खूळ लागलं. आमच्या मेंढक्यांचा इतिहास कुठं लिवलेला न्हाई, तो आण्णांच्या, म्हंजी आमच्या बापाच्या, ओवीत हाये. ती पुरी फिल्मवर घ्यायची, असं त्यानं ठरवलं. आण्णा थकले व्हते आन् त्यांच्याबिगर ती कुणालाच येत न्हाई, असं आमी समजत व्हतो.

आमच्यात आधी सुंबरान मांडत्यात, म्हंजी बिरोबाला बोलवून बसवत्यात. मग पिढ्यांची कथा, आन् शेवटी देवाला निरोप. पण या शहाण्याला पिच्चरातली सवय, शेवट आधी काढायची. शिनोलीच्या माळावर दिवस कलला, मेंढरं माघारी निघाली, तसा आण्णांना म्हणाला, उजेड झ्याक हाये, निरोप आधी म्हणा, बाकीचं उद्या घेऊ.

आण्णा म्हणाले,

"आरं, ज्याला बोलावलाच न्हाई, त्याला निरोप कसा देऊ?"

गोरक्ष चारचौघांत बापावर चिडला. मला लई राग आला. दुसऱ्या दिवशी आण्णांनी सुंबरान मांडलं, पिढ्या सांगितल्या. तोवर आभाळ भरून आलं. निरोप कालच्या उजेडातच पायजे, म्हणून गोरक्षनं कॅमेरा बंद केला आन् कामासाठी पुण्याला गेला. मी आण्णांना म्हणलं, कॅमेऱ्याबिगर म्हणून टाका, देवाला ताटकळत ठेवू नका. जन्मात त्यांनी ओवी अर्धी सोडली नव्हती. पण म्हणाले, पोराला शेवट पायजे, येऊ दे त्याला.

तो यायच्या आधी अर्धांगाचा झटका आला. वाचा गेली आन् श्रावणात आण्णाबी गेले.

पुढल्या वर्षी मंचरच्या हॉलमधी फिल्म दाखवली. पडद्यावर आण्णांचा आवाज मधीच थांबला, दिवे लागले. आमी उठणार तेवढ्यात आई उभी राहिली. डोक्यावर पदर घेतला आन् निरोप म्हणायला लागली. बायांनी ही ओवी म्हणायची न्हाई आमच्यात. पण उभा जन्म तिनं ती कुडाआडून ऐकलेली, एक शब्द चुकला न्हाई. गोरक्षच्या पायाशी कॅमेऱ्याची पिशवी व्हती. तिला त्यानं हात लावला न्हाई, गुडघ्यात डोकं घालून रडला.

सकाळी मातर तो कॅमेरा घेऊन चुलीपुढं आला. एकदाच पुन्हा म्हण, म्हणून तिचे पाय धरले. आईनं भाकर तव्यावर टाकली.

"देव गेला बाबा आता. पुन्हा कशाला उठवायचा त्याला?"

गोरक्षनं कॅमेरा पिशवीत घातला. फिल्म अजून तशीच हाये, बिनशेवटाची.