विझलेल्या दिव्याची थट्टा

देवापुढचं निरांजन विझलं, की त्या धुराच्या वासानं मी अजून राजपुऱ्यातल्या आमच्या शाळेच्या विहिरीपाशी जाऊन उभा राहतो.

इंग्रजांच्या अमदानीतली गोष्ट. गाळ काढायला माणूस उतरण्याआधी आमच्या थोरल्या सायन्स मास्तरांनी रिवाजाप्रमाणे पेटता दिवा दोरीनं आत सोडला. अर्ध्यातच तो विझला.

"खालची हवा दिवासाहेबांना मानवली नाही. राजीनामा देऊन मोकळे!" मास्तर म्हणाले.

मीही सायन्स शिकवणारा. पोट धरून हसलो. गाळ काढणारा सुकलालसुद्धा हसला.

"वाऱ्यानं बुझला असंल, मास्तर," म्हणत त्यानं कमरेला दोर बांधला आणि उतरला.

आम्ही हसतच होतो, तेवढ्यात दोराला जोराचा हिसका बसला. सुकलाल खाली कोसळला होता.

"खाली विषारी हवा आहे, उतरू नको," एवढं साधं वाक्य आम्हा दोघा शहाण्यांपैकी कुणीच बोललं नव्हतं.