पायल कोणाची

इंदूबाई कळंबात माह्या भिंतीले भिंत लागून राह्यते. तिचा नवरा धर्मपाल सरकारी हापिसात शिपाई होता. पोळ्याच्या मागंपुढं हापिसातच छातीत कळ आली अन् माणूस बाकावर बसल्या बसल्या गेला. आता त्याच्या जागी पोरगा विक्की लागला त चूल पेटते, नाही त कठीण. म्हणून इंदूनं अनुकंपाचा अर्ज केला, अन् तवापासून तिच्या डोळ्याले डोळा लागत नाही.

काहून? तिले तीन लेकरं. मोठी वर्षा सासरी, मंग विक्की, मंग पायल. सरकारचा नियम दोन लेकरांचा. तिसरं निघालं की वारसाले नोकरी नाही. धर्मपालची नोकरीची ऑर्डर आली तवा पायल तान्ही होती. बहाद्दरानं दोनच लेकरं लिहून देल्ली अन् पोट्टी बोरी अरबले इंदूच्या भावाकडं पोचवली. भावाले मूलबाळ नव्हतं. शाळेत बाप म्हणून त्याचंच नाव. पण पोट्टीले सारं ठाऊक. सुट्टीत आली की बापाच्या मांडीवरून उठत नव्हती. मी धर्मपालले तोंडावर म्हणलंतं, "लेकरू हाये का उसनं सामान?" तो नुसता खाली पाहे.

बाप गेला तशी पायल आली, ती परत जायचं नावच घेईना. इंदू म्हणे, जाय वं बाई. पोट्टी म्हणे, बाबाच्या घरातून मी काहून जाऊ?

त्यात आमच्या विक्कीच्या दोस्ताइनं चौकात भला मोठा श्रद्धांजलीचा फ्लेक्स लावला. वर धर्मपाल, खाली तिन्ही लेकरांचे फोटो. पायल मधात! मी विक्कीले म्हणलं, "अक्कल कोठी गहाण ठेवली होती बावा?" तो म्हणे, "काढतो ना काकू, काढतो." काढतो म्हणता म्हणता महिना गेला.

अन् एक दिवस धर्मपालच्या हापिसातले बबनराव मले फोनवर म्हणे, साहेब चौकशीले निघाले, तुमच्याच गल्लीत येऊन राह्यले. विक्की घरी नाही. मी तशीच चौकात धावली, दोऱ्या ओढल्या, फ्लेक्स गुंडाळला अन् इंदूच्या घरात घुसली. ठेवू कोठी? सतरंजीखाली सारला अन् वर बसली. मागंच साहेब दारात.

साहेब ओरडले असते त बरं झालं असतं. ते गोड बोलत होते, म्हणून जास्त भेव वाटत होतं. "ताई, लेकरं किती?"

"दोन," इंदू म्हणे. आवाज असा की मलेच आला नाही धड ऐकू. ती पदराचं टोक पिळत होती. माह्या खाली तो फ्लेक्स करकर वाजे. मी श्वास घेणंच बंद केलं.

तेवढ्यात पायल पाणी घेऊन बाहेर आली. आता पाहुण्याले पाणी द्या लागते, हे तिले कोणं शिकवलं? बापानंच. साहेबानं गिलास घेतला, तिच्याकडं पाह्यलं, मंग भिंतीवरच्या धर्मपालच्या फोटोकडं. तेच बसकं नाक, तेच जाड भुवयाचं कपाळ. इंदू पांढरीफटक पडली. मले वाटलं, गेली विक्कीची नोकरी.

"ही कोण?"

मी सतरंजीची कड दाबून धरली.

"मी बोरी अरबची," पायल म्हणे. "ही माह्यी आत्या."

"अन् हे?" साहेबानं फोटो दाखवला.

पोट्टीनं फोटोकडं नीट पाह्यलं. पापणी हालली नाही. "आत्याचे मालक. मी लय ओळखत नव्हती त्याइले."

साहेबानं पाणी पेलं, शेजारीण म्हणून माह्यी सही घेतली अन् गेले. गाडीचा आवाज गेल्यावर इंदूनं तिले छातीशी ओढलं अन् हंबरडा फोडला. पायल रडली नाही. हात सोडवला, पिशवीत कपडे भरले, चप्पल घातली.

"राहाय ना वं आजचा दिवस," इंदू म्हणे.

"नको. कोणी पाह्यलं त? विक्कीचं झालं की सांगजो." ती उंबऱ्यावर थांबली. "येतो मी, आत्या."

साहेब कवाचेच गेलते. घरात आम्ही तिघीच होतो.